कालवांच्या गावात पाणबुडीची शाळा

सव्वाशे वर्षांपूर्वी न्यूयॉर्कपासून दूर असलेल्या एका चिमुकल्या किनारी गावात माणसं पाण्याखाली राहायला शिकली. यंत्र तयार होतं, पण त्या यंत्राच्या पोटात जगायचं कसं, हे कुणालाच ठाऊक नव्हतं. न्यू सफोकच्या धक्क्यावर गिरवलेल्या त्या धड्यांची ही कहाणी... आणि ज्याने ही पाणबुडी घडवली त्या शाळामास्तराच्या वाट्याला काय आलं, त्याचीही!

न्यूयॉर्क म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे येतात त्या गगनचुंबी इमारती आणि हातात मशाल घेतलेली स्वातंत्र्यदेवता. पण याच न्यूयॉर्क राज्यात लाँग आयलंड नावाचं एक लांबलचक बेट आहे. त्याचं पूर्वेकडचं टोक माशाच्या शेपटासारखं दोन फाट्यांत दुभंगलंय. उत्तरेकडच्या फाट्यावर पेकॉनिक उपसागराच्या काठाला न्यू सफोक नावाचं गाव आहे. गाव कसलं, चार गल्ल्या आणि एक धक्का! एकेकाळी इथल्या लोकांची रोजीरोटी होती मासेमारीवर आणि कालवांवर. आज तिथे हौशी नौकाविहार करणारे येतात, वाळूत पाय बुडवून बसतात. या गावात एक पाटी आहे. अमेरिकेतला पहिला पाणबुडी तळ इथे होता आणि १८९९ ते १९०५ या काळात ‘हॉलंड’ पाणबुडीचा मुक्काम इथे असायचा, असं ती पाटी सांगते.

गंमत म्हणजे हा तळ नौदलाचा नव्हताच. तो होता एका खासगी कंपनीचा. भाड्याने घेतलेली बोटी दुरुस्तीची गोदी, काही शेड, लाकडी धक्का आणि मूठभर कारागीर. पण अमेरिकेच्या, ब्रिटनच्या, जपानच्या आणि रशियाच्या पाणबुडी दलांची मुळं शोधत गेलं तर वाट याच धक्क्याकडे येते.

आयर्लंडच्या मास्तराचं वेड

जॉन फिलिप हॉलंड हा आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या लिस्कॅनर गावचा. जन्म १८४१चा. वडील तटरक्षक दलात नोकरीला. पोराला दर्यावर्दी व्हायचं होतं, पण डोळे अधू. मग तो एका धार्मिक बंधुसंघात दाखल झाला आणि शाळेत मुलांना शिकवू लागला. १८६२ साली अमेरिकेच्या यादवी युद्धात लोखंडी चिलखत चढवलेल्या दोन युद्धनौकांची झुंज झाली. त्या बातम्या वाचून या मास्तराच्या डोक्यात किडा शिरला, की लोखंडी जहाजाला वरून मारता येत नसेल तर खालून का मारू नये?

१८७३मध्ये तो अमेरिकेला आला. बॉस्टनच्या बर्फावर घसरून पाय मोडला. अंथरुणावर पडल्या पडल्या त्याने पाणबुडीचे जुने आराखडे पुन्हा नीट आखून काढले. पुढे न्यू जर्सीतल्या पॅटर्सन गावात शाळेत नोकरी मिळाली आणि १८७५ साली त्याने आपला आराखडा अमेरिकी नौदलाकडे पाठवला. उत्तर नकाराचं आलं. असल्या डब्यात बसून पाण्याखाली जाईल कोण, असा एकूण सूर होता.

नौदलाचंही अगदीच चूक नव्हतं. १८६४मध्ये यादवी युद्धात ‘हन्ली’ नावाच्या पाणबुडीने शत्रूची युद्धनौका बुडवली होती खरी. हाताने दांडा फिरवून चालवायची ती बोट! पण ती स्वतः एकूण तीनदा बुडाली आणि तिने आपल्याच २१ माणसांचा जीव घेतला. त्यात खुद्द हन्लीही होता. पाणबुडी म्हणजे लोखंडी शवपेटी, हा समज त्यातूनच पक्का झालेला.

हॉलंडने मात्र नाद सोडला नाही. इंग्रजांवर खार खाऊन असलेल्या आयरिश क्रांतिकारकांनी त्याला पैसे पुरवले. १८७८मध्ये पहिली छोटी बोट पॅसेइक नदीत उतरली, १८८१मध्ये दुसरी मोठी. पुढे पैशांवरून या क्रांतिकारकांत भांडणं लागली आणि त्यांच्यातल्याच काहींनी ती दुसरी बोट रातोरात पळवून नेली! हॉलंडचं आणि त्यांचं नातं तिथे संपलं. १८९५मध्ये नौदलाने अखेर एक कंत्राट दिलं, पण वाफेच्या एंजिनाचा हट्ट धरला. त्या बोटीत इतकं उकडायचं, की माणसं आत उभी राहू शकत नसत. हॉलंड वैतागला आणि कंपनीच्याच पैशातून, आपल्या मनासारखी सहावी बोट बांधायला बसला. तीच ‘हॉलंड’. १७ मे १८९७ रोजी ती न्यू जर्सीच्या एलिझाबेथ बंदरात पाण्यात उतरली.

बुडालेल्या बोटीतून मिळाला कप्तान

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये एका कामगाराने एक झडप उघडी ठेवली आणि बोट रात्रीतून धक्क्यालाच बुडाली. वर काढली तेव्हा खाऱ्या पाण्याने विजेच्या मोटारीची वाट लागलेली. ती दुरुस्त करायला फिलाडेल्फियाहून फ्रँक केबल नावाचा तरुण विद्युत-कारागीर आला. सगळं उसकटून काढण्याऐवजी त्याने मोटारीतून उलटा वीजप्रवाह सोडला, आतल्या आत उष्णता तयार झाली आणि तारा वाळल्या. हॉलंड खूश! पुढे हाच केबल न्यू सफोकच्या तळावर चाचण्यांचा कप्तान झाला आणि देशोदेशीच्या खलाशांचा गुरूही.

१७ मार्च १८९८ रोजी, म्हणजे आयरिश लोकांच्या सेंट पॅट्रिकच्या सणादिवशी, हॉलंडने न्यूयॉर्कच्या स्टेटन आयलंडजवळ बोट यशस्वीपणे पाण्याखाली नेऊन दाखवली. त्या वेळी नौदल खात्यात सहायक सचिव असलेल्या थिओडोर रूझवेल्ट यांनी ती विकत घ्यावी, अशी शिफारसही केली. पण खात्याच्या फायली हलेनात. इकडे कंपनीची तिजोरी रिकामी. मदतीला धावला आयझॅक राइस नावाचा वकील आणि बॅटरीसम्राट. हा गृहस्थ बुद्धिबळाचा इतका वेडा, की एक चाल त्याच्या नावाने ओळखली जाते. जुलै १८९८मध्ये त्याने बोटीतून फेरी मारली आणि फेब्रुवारी १८९९मध्ये नवी कंपनी स्थापन केली. ‘इलेक्ट्रिक बोट’. हॉलंडची पेटंटं या कंपनीच्या पोटात गेली. त्याचे परिणाम पुढे दिसायचे होते.

न्यू सफोकच का?

न्यूयॉर्क बंदरात चाचण्या घेणं म्हणजे दादर स्टेशनवर संध्याकाळी सायकल शिकण्यासारखं होतं. फेरीबोटी, गलबतं, ओढबोटी यांची सतत ये-जा. त्यात ‘हॉलंड’ला पेरिस्कोप नव्हता. पाण्याखालून कप्तानाला वरचं काही दिसत नसे. वाट बघायची तर बोट डॉल्फिनसारखी क्षणभर वर आणायची, वरच्या छोट्या मनोऱ्याच्या काचेतून पटकन नजर टाकायची आणि पुन्हा बुडी. नेमकं त्याच क्षणी डोक्यावर एखादं जहाज आलं तर?

पेकॉनिक उपसागरात तो धोका नव्हता. तिन्ही बाजूंनी जमिनीचा आडोसा, पाणी शांत, खोली बेताची आणि वर्दळ जवळजवळ नाही. १८९९च्या उन्हाळ्यात बोट तिथे ओढून नेण्यात आली. निशाणं लावून पाण्यावर मोजका मार्ग आखला गेला. कालवं काढणाऱ्या गावकऱ्यांना रोजचाच तमाशा झाला. एक लोखंडी मासा निघायचा, दिसेनासा व्हायचा आणि भलतीकडेच वर यायचा!

पाहुण्यांचीही रीघ लागली. त्यातल्या सर्वांत थोर पाहुण्या म्हणजे अमेरिकन रेडक्रॉसच्या संस्थापिका क्लारा बार्टन. वय सत्तरीच्या पुढे, तरी बाई बोटीत बसल्या. रणांगणावर जखमींची सेवा केलेल्या या बाईंनी असलं जीवघेणं हत्यार बनवल्याबद्दल हॉलंडला खडसावलं, असं सांगतात. त्यावर त्याचं म्हणणं असं, की हत्यार इतकं भयंकर असेल तर त्याच्या धाकानेच युद्धं थांबतील. हा युक्तिवाद पुढे किती जणांनी केला आणि त्याचं काय झालं, हे सांगायला नको.

चौपन्न फुटी डब्यातला संसार

या बोटीची लांबी जेमतेम ५४ फूट, म्हणजे आपल्या एसटीच्या दोन गाड्यांपेक्षाही कमी. माणसं सहा. पुढच्या टोकाला टॉर्पेडो सोडायची एक नळी आणि बोटीत तीन टॉर्पेडो. पाण्यावर असताना ४५ अश्वशक्तीचं पेट्रोल एंजिन चालायचं, पाण्याखाली गेलं की विजेची मोटार. तिच्यासाठी पोटात ६६ घटांची बॅटरी.

पाणबुडीचं तत्त्व तसं घरगुती आहे. रिकामी कळशी पाण्यावर तरंगते, भरली की तळाला जाते. पाणबुडीच्या टाक्यांत समुद्राचं पाणी घेतलं की ती जड होते, दाबाखालच्या हवेने ते पाणी बाहेर ढकललं की हलकी. पण हॉलंडची हुशारी पुढे होती. तो बोट पूर्ण जड करतच नसे. किंचित तरंगती ठेवायचा आणि शेपटाकडच्या आडव्या सुकाणूंनी नाक खाली वळवून, मोटारीच्या जोरावर माशासारखी खाली न्यायचा. मोटार बंद पडली तर बोट आपोआप वर यावी, हा त्यामागचा हेतू. आधीच्या अनेकांनी बोट दगडासारखी सरळ खाली सोडण्याचा प्रयत्न केला होता आणि ती कुठे थांबेल याचा भरवसा नसे.

मात्र या रचनेला माणसांची साथ लागायची. बोट इतकी लहान आणि तोल इतका नाजूक, की एक माणूस मागून पुढे चालत गेला तरी नाक खाली झुकावं! टॉर्पेडो सुटला की पुढचं वजन क्षणात कमी व्हायचं, तितकंच पाणी ताबडतोब आत घ्यावं लागायचं. म्हणजे सहा जणांनी एका शरीरासारखं वागायचं. कुणी कधी हलायचं, कुठली झडप कुणी फिरवायची, हाक आली की किती वेळात, याची तालीम हाच न्यू सफोकचा रोजचा अभ्यास. आराखड्यात हे कुठेच लिहिलेलं नव्हतं. ते करून, चुकून, पुन्हा करूनच शिकावं लागलं.

खरा शत्रू आतच!

सगळ्यात कठीण धडा होता हवेचा. लोकांना वाटायचं, पाणबुडीत माणूस बुडून मरेल. न्यू सफोकच्या मंडळींना कळलं, की त्याआधी तो गुदमरून मरू शकतो.

ऑक्टोबर १८९९मधली गोष्ट. फेरी आटोपून बोट जवळच्याच ग्रीनपोर्ट बंदराकडे परतत होती. एंजिनाचा धूर बाहेर नेणाऱ्या मार्गातून विषारी वायू आत गळत होता. कार्बन मोनॉक्साइड. त्याला वास नाही, रंग नाही. आतली माणसं एकामागोमाग एक गळून पडली. चालवणारं कुणीच शुद्धीवर नसलेली बोट तशीच पुढे जात राहिली आणि जाऊन धक्क्यावर आदळली. धावत आलेल्या लोकांनी झाकण उघडून एकेकाला बाहेर काढलं. सुदैव इतकं थोर, की सगळे वाचले.

हा एकच वायू असता तर गोष्ट वेगळी. पण त्या बंद डब्यात मृत्यूची चार दारं होती. एंजिनाचा धूर हे पहिलं. पेट्रोलची वाफ हे दुसरं, ती माणसाला झिंग आणते आणि ठिणगी पडली तर भडकते. बॅटरी चार्ज होताना निघणारा हायड्रोजन हे तिसरं, तो साठला की स्फोट. आणि चौथं सर्वांत भेसूर. बॅटरीतल्या आम्लात समुद्राचं खारं पाणी शिरलं की क्लोरिन तयार होतो. हाच वायू पुढे १९१५मध्ये पहिल्या महायुद्धात खंदकांतल्या सैनिकांवर मुद्दाम सोडण्यात आला!

हायड्रोजनचा प्रसाद १९०२ साली मिळालाच. ‘फुल्टन’ ही कंपनीची पुढची बोट एप्रिल महिन्यात दक्षिणेकडे निघाली असताना डेलावेअरच्या किनाऱ्यापाशी तिच्या बॅटरीच्या वायूचा स्फोट झाला आणि काही जण जखमी झाले. ब्रिटिशांनी हॉलंडच्या नमुन्यावर बांधलेल्या बोटींत तर पिंजऱ्यात पांढरे उंदीर नेले जात. उंदीर मान टाकू लागला की समजायचं, हवा बिघडली, वर चला. ज्या जिवाला आपण घरातून हाकलतो, त्याच्यावर खलाशांचा जीव अवलंबून!

पंधरा तास आणि वरचं वादळ

मग प्रश्न उरला, की निरोगी हवेत माणूस पाण्याखाली राहील तरी किती वेळ? १९०१च्या नोव्हेंबरमध्ये त्याचं उत्तर शोधायचं ठरलं. ‘फुल्टन’ पेकॉनिक उपसागरात तळाला नेऊन टेकवण्यात आली. आत केबल आणि त्याचे सोबती होतेच, शिवाय नौदलाचे रिअर अ‍ॅडमिरल जॉन लो आणि तरुण लेफ्टनंट आर्थर मॅकार्थर हे दोघे साक्षीदार म्हणून हजर होते. दुसऱ्या महायुद्धात गाजलेले जनरल डग्लस मॅकार्थर यांचे हे थोरले बंधू.

संध्याकाळी दार बंद झालं, ते उघडलं दुसऱ्या दिवशी सकाळी. तब्बल १५ तास! सगळे ठणठणीत बाहेर आले. आणि त्यांना कळलं, की रात्रभर वर वादळ घोंघावत होतं. तळाशी असलेल्यांना त्याचा पत्ताच नव्हता. पाणबुडी ही केवळ चोरून मारा करायची युक्ती नसून माणसाला मुक्काम करता येईल अशी जागा आहे, हे त्या रात्री सिद्ध झालं.

त्याआधीच ‘हॉलंड’ने परीक्षा पास केली होती. ६ नोव्हेंबर १८९९ रोजी नौदलाच्या तपासणी मंडळापुढे तिने याच उपसागरात बुडी मारून टॉर्पेडो सोडून दाखवला. पुढे तिला वॉशिंग्टनला नेलं गेलं. १४ मार्च १९०० रोजी पोटोमॅक नदीत अ‍ॅडमिरल ड्युई यांनी तिची करामत पाहिली. मनिलाच्या लढाईत स्पेनचं आरमार बुडवणारा हा वीर संसदेच्या समितीपुढे काय म्हणाला? मनिलात शत्रूजवळ अशा दोन बोटी असत्या, तर मला तिथे ठाण मांडून बसता आलं नसतं, असा त्यांच्या बोलण्याचा मथितार्थ. यावर कोण काय बोलणार! ११ एप्रिल १९०० रोजी नौदलाने दीड लाख डॉलर्स मोजून बोट विकत घेतली. अमेरिकेचं पाणबुडी दल आजही आपला वाढदिवस याच तारखेला साजरा करतं.

१२ ऑक्टोबर १९०० रोजी बोट रीतसर नौदलात दाखल झाली. कप्तान होता लेफ्टनंट हॅरी कॅल्डवेल. त्याला आणि त्याच्या खलाशांना बोट शिकवली ती केबल आणि मंडळींनीच. म्हणजे गणवेशातले शिष्य आणि साध्या कपड्यातले गुरू! पुढे नव्या बोटी बांधल्या जाऊ लागल्या, तशा त्यांच्या चाचण्याही पेकॉनिकच्याच पाण्यात झाल्या.

राष्ट्राध्यक्षांनी मारली बुडी

या खलाशांकडे वरिष्ठ मात्र सावत्र नजरेने बघत. पाणबुडीवरची नोकरी ही किनाऱ्यावरची नोकरी धरली जाई. म्हणजे जीव धोक्यात घालायचा आणि पगार कारकुनाच्या हिशेबाने! हा अन्याय दूर झाला तो एका बुडीमुळे. २५ ऑगस्ट १९०५ रोजी राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट लाँग आयलंडवरच्या आपल्या घरापासून जवळ, ऑयस्टर बे इथे ‘प्लंजर’ या पाणबुडीत शिरले. बाहेर पावसाळी हवा. राष्ट्राध्यक्ष पाण्याखाली गेले, यंत्रं स्वतः हाताळून पाहिली आणि खलाशी कसे काम करतात ते जवळून बघितलं. वर्तमानपत्रांनी ओरड केली, की राष्ट्राध्यक्षांनी असा जीव धोक्यात घालावा का? रूझवेल्ट यांनी मात्र पाणबुडीच्या खलाशांना महिना पाच डॉलर्स जादा आणि ज्या दिवशी बुडी मारावी लागेल त्या प्रत्येक दिवसाचा वर एक डॉलर देण्याचा हुकूम काढला.

याच ‘प्लंजर’चा कप्तान म्हणून १९०९मध्ये एक तरुण अधिकारी आला. चेस्टर निमिट्झ. दुसऱ्या महायुद्धात पॅसिफिकमधल्या अमेरिकी आरमाराचा सरसेनापती झाला तो हाच.

एकाच दुकानातून दोघांना माल

धंदा तो धंदा! १९०४मध्ये रशिया आणि जपान यांच्यात युद्ध पेटलं आणि दोघांनाही पाणबुड्या हव्या होत्या. इलेक्ट्रिक बोट कंपनीने जपानला पाच बोटी विकल्या आणि त्याच वर्षी रशियाला ‘फुल्टन’! ती गुपचूप जहाजावर चढली, युरोपला पोहोचली आणि तिथून रेल्वेने सारा सैबेरिया ओलांडून व्लादिवोस्तोकला गेली. जपानच्या बोटी सुट्या भागांत गेल्या, त्या योकोसुकाला जोडल्या गेल्या आणि जपान्यांना शिकवायला गेला आपला केबलच. त्याआधी इंग्लंडच्या बॅरो बंदरात ब्रिटिशांना शिकवून तो आला होता. आयरिश क्रांतिकारकांच्या पैशातून इंग्रजांना बुडवायला जन्मलेलं हत्यार इंग्रजांच्याच आरमारात दाखल झालं. दैवाचा असा विनोद विरळाच.

१९०५मध्ये कंपनीने न्यू सफोकचा तळ हलवला आणि मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या क्विन्सीला मुक्काम केला. गाव पुन्हा आपल्या कालवांकडे वळलं. नौदलाने स्वतःचा पाणबुडी तळ पुढे खाडीपलीकडच्या कनेटिकटमध्ये ग्रॉटन इथे उभारला. १९१५मध्ये तिथे पहिल्या पाणबुड्या आल्या.

आणि मास्तर? नव्या कंपनीत त्याचं स्थान मालकाचं राहिलं नव्हतं, पगारी माणसाचं झालं होतं. आराखड्यांत फेरफार होत, त्याला विचारलं जात नसे. मार्च १९०४मध्ये त्याने राजीनामा दिला. स्वतःची नवी, वेगवान पाणबुडी काढायची म्हटलं तर जुन्या कंपनीने कोर्टात खेचलं. तुझी पेटंटं आमची, तुझं कसबही आमचंच, असा दावा! भांडवल देणारे पांगले. जपानने मात्र या म्हाताऱ्याची आठवण ठेवून १९१०मध्ये त्याला उगवत्या सूर्याचा किताब दिला. १२ ऑगस्ट १९१४ रोजी न्यू जर्सीत तो वारला, पहिलं महायुद्ध सुरू होऊन जेमतेम दोन आठवडे झाले होते. त्यानंतर दीड महिन्याच्या आत, २२ सप्टेंबरला एका जर्मन पाणबुडीने तासाभराच्या अवधीत तीन ब्रिटिश क्रूझर बुडवल्या. त्यात १,४००हून अधिक माणसं गेली. क्लारा बार्टन यांना दिलेलं उत्तर किती पोकळ होतं, हे पाहायला हॉलंड उरला नाही, हे त्याच्या दृष्टीने बरंच झालं म्हणायचं.

धागा विशाखापट्टणमपर्यंत

ब्रिटिशांच्या हॉलंड बोटींतून तयार झालेल्या दलाने पुढे गॉस्पोर्ट इथे आपली पाणबुडी शाळा थाटली. ‘एचएमएस डॉल्फिन’. १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला भारतीय नौदलाचे काही अधिकारी याच शाळेत पहिले धडे घ्यायला गेले. नंतर रशियन पाणबुड्या घ्यायचं ठरलं, तेव्हा आपली माणसं शिकायला गेली ती व्लादिवोस्तोकला. जिथे सहा दशकं आधी ‘फुल्टन’ जाऊन पोहोचली होती, त्याच बंदरात!

८ डिसेंबर १९६७ रोजी ‘आयएनएस कलवरी’ आपल्या नौदलात दाखल झाली. आपला पाणबुडी दिन तोच. १९७४मध्ये विशाखापट्टणमला ‘आयएनएस सातवाहन’ ही आपली स्वतःची पाणबुडी शाळा सुरू झाली. मुंबईच्या माझगाव गोदीत १९९२मध्ये ‘शाल्की’ तयार झाली, भारतात बांधलेली पहिली पाणबुडी. त्याच गोदीतून २०१७पासून २०२५पर्यंत कलवरी वर्गाच्या सहा बोटी बाहेर पडल्या.

यंत्रं बदलली, पेट्रोल गेलं, उंदीर गेले, हवा तपासणारी उपकरणं आली. पण न्यू सफोकचा धडा जुना झालेला नाही. २६ फेब्रुवारी २०१४ रोजी मुंबईजवळच्या समुद्रात ‘सिंधुरत्न’ पाणबुडीत धूर झाला. समोर शत्रू नव्हता, टॉर्पेडो नव्हता, तरी आपले दोन तरुण अधिकारी गेले. म्हणूनच पाणबुडीच्या शाळेत आजही आधी शिकवतात ते शत्रूला मारणं नव्हे, तर आग विझवणं, पाणी अडवणं, श्वासाचा मुखवटा अंधारातही चढवणं आणि बुडालेल्या बोटीतून सुटून वर येणं. अशा सुटकेच्या सरावासाठी ‘सातवाहन’मध्ये २०२४ साली ‘विनेत्र’ नावाचं नवं केंद्रही सुरू झालं. ग्रीनपोर्टच्या धक्क्यावर त्या दिवशी बेशुद्ध माणसांना वर काढणाऱ्या लोकांजवळ यातलं काहीच नव्हतं. होतं ते फक्त नशीब.

चौकट : दीड लाखाची बोट, शंभर डॉलर्सला!

‘हॉलंड’ नौदलात आल्यावर लढाईला कधीच गेली नाही. तिने केलं मास्तरकीचंच काम! अ‍ॅनापोलिसच्या नौदल अकादमीत तरुण छात्रांना पाणबुडी शिकवायला ती वापरली जाई. सप्टेंबर १९००मध्ये न्यूपोर्टजवळच्या सरावात मात्र तिने ‘किअरसार्ज’ या बलाढ्य युद्धनौकेला लटकं का होईना, गाठलं होतं. १९१०मध्ये तिचं नाव नौदलाच्या यादीतून कमी झालं. १९१३मध्ये ती भंगारवाल्याला विकली गेली, अवघ्या १०० डॉलर्सना. नंतर काही वर्षं बागांमधून तिचं प्रदर्शन मांडलं गेलं आणि १९३२मध्ये ती मोडीत निघाली.

तिच्या ब्रिटिश बहिणीचं नशीब थोर. ‘हॉलंड १’ १९१३मध्ये भंगारात जाण्यासाठी ओढून नेत असताना वाटेतच बुडाली. १९८१मध्ये समुद्रतळाशी सापडली, १९८२मध्ये वर काढली गेली आणि आज गॉस्पोर्टच्या संग्रहालयात बघायला मिळते. आणि क्रांतिकारकांनी पळवलेली ती जुनी बोट? तीही टिकली. हॉलंड जिथे मास्तर होता, त्या पॅटर्सन गावच्या संग्रहालयात ती ठेवलेली आहे.